'रबर सोल'ची १९८७ची अंकीय आवृत्ती : ध्वनिमुद्रणातील पाठनिश्चितीचा एक प्रश्न

१. प्रश्नाचे स्वरूप

ग्रंथाच्या बाबतीत 'मूळ पाठ कोणता?' हा प्रश्न विचारण्याची विद्वानांना दीर्घकाळची सवय आहे. ध्वनिमुद्रणाच्या बाबतीत तो क्वचितच विचारला जातो. ध्वनिमुद्रिका ही एकदा घडून गेलेल्या गायनवादनाची यांत्रिक छाया होय, आणि यंत्र सुधारले की ती छाया अधिक स्पष्ट होते, अशी सर्वसाधारण समजूत असते. ही समजूत ग्राह्य मानली, तर जुन्या ध्वनिमुद्रिकेचे नव्या माध्यमातील पुनःप्रकाशन हा केवळ तंत्रज्ञांच्या कक्षेतील विषय ठरतो. इतिहासकाराने वा समीक्षकाने त्यात लक्ष घालण्याचे प्रयोजन उरत नाही.

परंतु इंग्लंडमधील 'द बीटल्स' या संगीतसंचाच्या 'रबर सोल' या ध्वनिमुद्रिकेचा इतिहास पाहिला असता ही समजूत टिकत नाही. ३ डिसेंबर १९६५ रोजी इंग्लंडमध्ये प्रथम प्रसिद्ध झालेली ही चौदा गीतांची ध्वनिमुद्रिका रॉक संगीताच्या अभ्यासात महत्त्वाची मानली जाते. तिची अंकीय आवृत्ती ३० एप्रिल १९८७ रोजी कॉम्पॅक्ट डिस्कच्या रूपाने प्रसिद्ध झाली. या आवृत्तीत श्रोत्यांना जे ऐकावयास मिळाले, ते १९६५ साली कोणत्याही श्रोत्याने ऐकलेले नव्हते. गायक तेच, वाद्ये तीच, गीतांचा क्रमही तोच. तथापि त्या ध्वनींचे परस्परप्रमाण, श्रवणावकाशातील त्यांची स्थाने आणि त्यांच्याभोवतीचा प्रतिध्वनी ही तीन अंगे नव्याने रचलेली होती.

हा बदल का झाला, तो कोणत्या अधिकाराने झाला, आणि संगीताच्या अभ्यासकाने त्याचा अर्थ कसा लावावा, या तीन प्रश्नांचा विचार प्रस्तुत लेखात क्रमाने केला आहे. त्यासाठी प्रथम १९६५मधील ध्वनिमुद्रणाची रीत आणि नंतर अंकीय माध्यमाचे कार्य समजून घेणे अवश्य आहे.

२. १९६५मधील रीत : फीत, मार्ग आणि मिश्रण

'रबर सोल'चे ध्वनिमुद्रण लंडनमध्ये ॲबी रोडवरील ईएमआय कंपनीच्या ध्वनिमुद्रणगृहात १२ ऑक्टोबर ते ११ नोव्हेंबर १९६५ या एका महिन्यात झाले. 'वेट' या एकाच गीताचा आरंभीचा भाग त्यापूर्वी जूनमध्ये मुद्रित झालेला होता. निर्माते जॉर्ज मार्टिन आणि ध्वनिमुद्रक नॉर्मन स्मिथ यांच्यापुढे एक इंच रुंदीची चुंबकीय फीत होती, आणि तीवर परस्परांस समांतर असे चार मार्ग होते. एका मार्गावर ढोल व बास गिटार यांसारखी वाद्ये एकत्र मुद्रित करावयाची, ती ऐकत ऐकत दुसऱ्या मार्गावर गायन भरावयाचे, उरलेल्या मार्गांवर पूरक स्वर वा वाद्ये घालावयाची, अशी कामाची पद्धत होती. एका मार्गावर जे ध्वनी एकदा एकत्र झाले, ते तत्कालीन साधनांनी पुन्हा वेगळे करता येत नसत.

ही चतुर्मार्गी फीत म्हणजे अजून ध्वनिमुद्रिका नव्हे. चार मार्गांचे प्रमाण ठरवून, त्यांस आवश्यक तो प्रतिध्वनी देऊन आणि उच्च व नीच कंपनांचा तोल साधून त्यांचे एका वा दोन मार्गांत एकीकरण करावे लागते. या क्रियेस 'मिश्रण' म्हणतात, आणि तिच्यातून निघणारी फीत हाच ध्वनिमुद्रिकेचा प्रत्यक्ष पाठ होय. एका मार्गात केलेल्या मिश्रणास मोनो आणि दोन मार्गांत केलेल्या मिश्रणास स्टिरिओ म्हणतात. चतुर्मार्गी फीत ही या दृष्टीने लेखकाच्या कच्च्या खर्ड्यासारखी आहे. मिश्रण ही मुद्रणास दिलेली स्वच्छ प्रत.

येथे एक गोष्ट विशेष ध्यानात घेतली पाहिजे. या ध्वनिमुद्रिकेतील कित्येक ध्वनी कोणत्याही मैफलीत कधीच घडलेले नाहीत. 'इन माय लाइफ' या गीतातील मधले वादन हे त्याचे प्रसिद्ध उदाहरण आहे. २२ ऑक्टोबर १९६५ रोजी जॉर्ज मार्टिन यांनी ते पियानोवर वाजविले, पण फीत निम्म्या वेगाने चालवून. नेहमीच्या वेगाने ती फीत पुन्हा चालविली असता वादनाची गती दुप्पट झाली, स्वर एक सप्तक चढला, आणि पियानोचा नाद हार्प्सिकॉर्डसारखा भासू लागला. हे वादन ज्या स्वरूपात श्रोत्यास परिचित आहे, त्या स्वरूपात ते फितीवरच जन्मास आले. ध्वनिमुद्रिका ही मूळ प्रयोगाची छाया होय, ही कल्पना अशा ठिकाणी निरर्थक ठरते. कारण मूळ प्रयोग म्हणून दाखविता येईल असे येथे काही नाही.

याच ध्वनिमुद्रिकेतील 'नॉर्वेजियन वुड' या गीतात जॉर्ज हॅरिसन यांनी सतार वाजविली. १२ ऑक्टोबरला केलेले मुद्रण बाजूस ठेवून २१ ऑक्टोबरला ते गीत पुन्हा मुद्रित करण्यात आले. सतारीचा आघात तीव्र आणि तिच्या ध्वनितरंगाची घडण गुंतागुंतीची असल्यामुळे तिचे मुद्रण करणे अवघड जाते, असा अनुभव स्मिथ यांनी पुढे सांगितला आहे. तारेच्या छेडीचे क्षणिक शिखर मापकाच्या काट्यास दाखविता येत नाही, आणि ते शिखर सांभाळावे म्हणून एकंदर पातळी उतरविली, तर सतारीचा उर्वरित नाद क्षीण होतो. या गीतानंतर एका वर्षाच्या आत, १९६६च्या सप्टेंबरमध्ये, हॅरिसन पं. रविशंकर यांच्याकडे सतारीचे शिक्षण घेण्यासाठी मुंबईस आले, ही गोष्ट मराठी वाचकास ठाऊक असेल. प्रस्तुत विषयापुरते महत्त्व एवढेच की, 'नॉर्वेजियन वुड'मधील सतार किती पुढे वा मागे ऐकू यावी, हे वादकाच्या बोटांइतकेच मिश्रण करणाऱ्याच्या हातावरही अवलंबून होते.

३. एका कृतीचे अनेक पाठ

१९६५मध्ये इंग्लंडमधील बहुसंख्य श्रोत्यांजवळ मोनो यंत्रे होती, आणि लोकप्रिय संगीतात मोनो मिश्रण हेच मुख्य मानले जाई. स्टिरिओ मिश्रण स्वतंत्रपणे आणि त्या मानाने कमी कष्टाने केले जात असे. 'रबर सोल'च्या मूळ स्टिरिओ मिश्रणात बहुतेक गीतांत वाद्ये एका बाजूस आणि गायन दुसऱ्या बाजूस अशी ठळक विभागणी आढळते. कर्णयंत्र लावून ऐकणाऱ्यास ही विभागणी आज विचित्र वाटते. परंतु दोन ध्वनिवर्धक एकाच पेटीत जवळजवळ बसविलेल्या तत्कालीन यंत्रांवर ती तितकीशी जाणवत नसे.

म्हणजे प्रकाशनाच्या दिवशीच या कृतीचे दोन पाठ अस्तित्वात होते. त्यांत आणखी भर पडली. मोनो ध्वनिमुद्रिकेची पहिली छापील आवृत्ती अधिक उच्च पातळीने कोरली गेली होती. ती लवकरच बदलून सौम्य पातळीने नवी कोरणी करण्यात आली. संग्राहक त्या पहिल्या कोरणीस आजही वेगळी ओळखतात. मिश्रणाची फीत एकच असूनही कोरणीच्या टप्प्यावर पाठभेद उत्पन्न होतो, याचे हे चांगले निदर्शन आहे.

अमेरिकेतील आवृत्ती तर रचनेनेच भिन्न होती. कॅपिटल कंपनीने तेथे चौदाऐवजी बारा गीते प्रसिद्ध केली. 'ड्राइव्ह माय कार', 'नोव्हेअर मॅन', 'व्हॉट गोज ऑन' आणि 'इफ आय नीडेड समवन' ही चार गीते वगळली, आणि इंग्लंडमधील 'हेल्प!' या आधीच्या ध्वनिमुद्रिकेतील दोन गीते प्रत्येक बाजूच्या आरंभी एक अशी घातली. त्यामुळे अमेरिकन श्रोत्यास ही ध्वनिमुद्रिका अधिक लोकगीतधर्मी वाटली. शिवाय तेथील स्टिरिओ आवृत्तीत 'आय'म लुकिंग थ्रू यू' या गीताच्या प्रारंभी दोन फसलेले आरंभ तसेच राहून गेले आहेत. इंग्लंडमधील आवृत्तीत ते नाहीत. हस्तलिखिताच्या लेखकाने खोडलेली ओळ एखाद्या प्रतीत तशीच उतरावी, तसाच हा प्रकार होय.

४. अंकीय माध्यमाचे कार्य

कॉम्पॅक्ट डिस्क हे फिलिप्स आणि सोनी या दोन कंपन्यांच्या सहकार्याचे फळ होय. फिलिप्सने १९७९च्या मार्चमध्ये आपल्या नमुना-यंत्राचे प्रात्यक्षिक दाखविले. १९८०मध्ये दोन्ही कंपन्यांचा संयुक्त मानदंड निश्चित झाला. आणि १ ऑक्टोबर १९८२ रोजी जपानमध्ये यंत्र व डिस्क यांची विक्री सुरू झाली. तबकडीचा व्यास १२ सेंटिमीटर असून तीवरील सूक्ष्म खळग्यांची सर्पिल रेषा ७८० नॅनोमीटर तरंगलांबीच्या लेसर किरणाने वाचली जाते. शेजारच्या दोन वेटोळ्यांमधील अंतर १.६ मायक्रॉन इतके अल्प असते.

या माध्यमाचे तत्त्व असे. ध्वनी हा हवेच्या दाबातील सतत बदल होय. जुन्या तबकडीवर त्या बदलाची आकृती खोबणीच्या नागमोडीत कोरली जाते. अंकीय पद्धतीत तो बदल ठराविक कालांतराने मोजून प्रत्येक मापाचा अंक लिहून ठेवला जातो. कॉम्पॅक्ट डिस्कवर प्रत्येक मार्गाची मापे सेकंदास ४४,१०० वेळा घेतली जातात. एखाद्या कंपनाची अचूक पुनर्रचना करावयाची, तर त्याच्या कंपनसंख्येच्या दुपटीहून अधिक वेळा मापे घेतली पाहिजेत, असा सिद्धान्त आहे. मानवी कानाची वरची मर्यादा सेकंदास सुमारे २०,००० कंपने असल्यामुळे हा वेग पुरेसा ठरतो. नेमका ४४,१०० हाच आकडा निवडण्याचे कारण मात्र व्यावहारिक होते. आरंभी अंकीय ध्वनी साठविण्यासाठी चित्रफितीची यंत्रे वापरली जात. चित्राच्या प्रत्येक ओळीवर ३ मापे, प्रत्येक क्षेत्रात २४५ ओळी आणि सेकंदास ६० क्षेत्रे यांचा गुणाकार ४४,१०० येतो; युरोपीय पद्धतीतील ३, २९४ आणि ५० यांचा गुणाकारही तितकाच येतो.

प्रत्येक माप १६ बिटांत लिहिले जाते. म्हणजे दाबाच्या ६५,५३६ पायऱ्या ओळखता येतात. दोन मार्ग धरून सेकंदास १४,११,२०० बिट होतात, आणि सुमारे ३५ मिनिटांच्या 'रबर सोल'साठी ही संख्या २९६ कोटींच्या घरात जाते. तबकडीवर ओरखडा पडला, तरी मधले अंक गणिताने परत मिळवता यावेत म्हणून जादा अंकांची योजना असते; तिचा पाया अर्व्हिंग रीड व गुस्ताव्ह सॉलोमन यांनी १९६०मध्ये घातला.

यावरून एक महत्त्वाचा निष्कर्ष निघतो. जुन्या तबकडीच्या भौतिक मर्यादा मिश्रणाच्या व कोरणीच्या वेळी मनात ठेवाव्या लागत. मिनिटास ३३⅓ फेरे घेणाऱ्या तबकडीच्या बाहेरच्या कडेस सुई सेकंदास सुमारे ५१ सेंटिमीटर खोबण पार करते, तर आतल्या कडेस सुमारे २१ सेंटिमीटरच. त्यामुळे बाजूच्या अखेरीस असलेल्या गीतांत सूक्ष्म तपशील बिघडतो. खर्जातील जोरकस आंदोलनांनी सुई उसळू नये, म्हणून त्यांनाही आवर घालावा लागे. कॉम्पॅक्ट डिस्कवर ही दोन्ही बंधने नाहीत. परंतु माध्यम दिलेले अंकच वाजविते. ते अंक कोणत्या फितीवरून घेतले, हे ते ठरवीत नाही. आरंभीच्या काळातील पुष्कळ पुनःप्रकाशने तबकडीच्या कोरणीसाठी मुद्दाम सिद्ध केलेल्या दुय्यम फितींवरून झाली, आणि म्हणून जुन्या माध्यमाच्या तडजोडी नव्या माध्यमात तशाच उतरल्या. नव्या छापखान्यात अशुद्ध प्रत दिली, तर छपाई सुबक होईल, पाठ शुद्ध होणार नाही.

५. १९८७चा निर्णय

बीटल्सच्या ध्वनिमुद्रिका कॉम्पॅक्ट डिस्कवर येण्यास बराच विलंब लागला. १९८३मध्ये तोशिबा-ईएमआय या कंपनीने 'ॲबी रोड'ची एक आवृत्ती जपानमध्ये प्रसिद्ध केली होती. परंतु तिला आवश्यक ती संमती नव्हती आणि ती मागे घेण्यात आली. अधिकृत मालिका १९८७मध्येच सुरू झाली. २६ फेब्रुवारी रोजी पहिल्या चार ध्वनिमुद्रिका प्रसिद्ध झाल्या, त्या मोनो स्वरूपात. ३० एप्रिल रोजी 'हेल्प!', 'रबर सोल' व 'रिव्हॉल्व्हर' या स्टिरिओ स्वरूपात आल्या, आणि १ जून रोजी 'सार्जंट पेपर' ही तिच्या विसाव्या वर्षदिनी आली. क्रम व गीतसंख्या यांबाबत इंग्लंडमधील आवृत्ती प्रमाण मानण्यात आली. अमेरिकन श्रोत्यांची एक पिढी ज्या 'रबर सोल'वर वाढली होती, ती त्यामुळे नव्या माध्यमात अनुपस्थित राहिली.

मालिकेच्या तयारीत जॉर्ज मार्टिन यांचा सल्ला घेण्यात आला. पहिल्या दोन ध्वनिमुद्रिका द्विमार्गी फितीवर मुद्रित झाल्या होत्या, आणि ते दोन मार्ग पुढे मोनोत एकत्र करण्यासाठीच होते. त्यांना स्टिरिओ म्हणणे त्यांस उचित वाटत नव्हते. 'हेल्प!' व 'रबर सोल' यांच्या १९६५च्या स्टिरिओ मिश्रणांविषयीही ते असमाधानी होते. ती त्यांना धूसर वाटली. म्हणून त्यांनी मूळ चतुर्मार्गी फिती पुन्हा काढून १९८६मध्ये दोन्ही ध्वनिमुद्रिकांचे नवे स्टिरिओ मिश्रण अंकीय साधनांवर केले. 'रिव्हॉल्व्हर'पासून पुढे मात्र मूळ स्टिरिओ मिश्रणेच कायम ठेवली.

नव्या मिश्रणात गायन टोकाच्या बाजूवरून काहीसे मध्याकडे सरकले, खर्ज व उच्च स्वर यांचा तोल बदलला, आणि प्रतिध्वनीची किंचित भर पडली. याचा एक निर्विवाद लाभही झाला. १९६५मध्ये चतुर्मार्गी फितीवरून मिश्रणाची दुसरी फीत तयार होई, आणि अशा प्रत्येक उताऱ्यागणिक फितीची खरखर वाढत असे. १९८६मध्ये चतुर्मार्गी फितीवरून थेट अंकांत मिश्रण झाल्यामुळे मधली एक पिढी वगळली गेली. म्हणून नवी आवृत्ती अधिक स्वच्छ ऐकू येते.

६. निर्णयाची मीमांसा

पाठचिकित्सेची शिस्त मराठी अभ्यासकांना पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेच्या महाभारताच्या चिकित्सित आवृत्तीमुळे विशेष परिचित आहे. तेथे प्रश्न असा होता की, मूळ प्रत उपलब्ध नाही, उत्तरकालीन प्रती असंख्य आहेत, आणि त्यांच्या तुलनेने अधिकांत अधिक प्राचीन पाठापर्यंत पोहोचावयाचे आहे. 'रबर सोल'च्या बाबतीत परिस्थिती नेमकी उलट आहे. येथे कर्त्यांच्या हातची फीत सुरक्षित आहे, तिच्या तारखा ठाऊक आहेत, आणि निर्माता स्वतः पुनर्रचनेस उपस्थित आहे. तरीही पाठाचा प्रश्न सुटत नाही. यावरून असे दिसते की, पाठनिश्चितीची अडचण केवळ साधनांच्या अभावातून उद्भवत नाही. 'कृती' कशास म्हणावयाचे, या मूलभूत प्रश्नातून ती उद्भवते.

१९८७च्या निर्णयाच्या समर्थनार्थ कर्त्याच्या अंतिम हेतूचे तत्त्व पुढे करता येते. इंग्रजी पाठचिकित्सेत डब्ल्यू. डब्ल्यू. ग्रेग यांच्या १९५०-५१मधील प्रसिद्ध निबंधापासून आणि फ्रेडसन बॉवर्स यांनी त्याच्या केलेल्या विस्तारापासून या तत्त्वास मोठी प्रतिष्ठा लाभली. हेन्री जेम्स यांनी १९०७ ते १९०९ या काळात आपल्या जुन्या कादंबऱ्या स्वतः सुधारून नव्या मालिकेत प्रसिद्ध केल्या. त्या सुधारणेचा अधिकार कोणी नाकारीत नाही. मग १९६५मध्ये साधनांच्या व वेळेच्या अभावी जे मनासारखे झाले नाही, ते मार्टिन यांनी १९८६मध्ये पुरे केले, तर त्यात वावगे काय, असा हा युक्तिवाद आहे.

परंतु त्यास तीन आक्षेप संभवतात. पहिला आक्षेप कर्तृत्वाविषयी आहे. कादंबरीचा कर्ता एक असतो. ध्वनिमुद्रिकेचे कर्ते अनेक. मार्टिन यांचा वाटा मोठा असला, तरी गीतांचे रचनाकार व गायक दुसरे होते, आणि त्यांपैकी जॉन लेनन यांचे निधन ८ डिसेंबर १९८० रोजीच झाले होते. ज्या नॉर्मन स्मिथ यांच्या हातून मूळ ध्वनिमुद्रण झाले, त्यांचे कसबही मूळ मिश्रणात मुरलेले होते. अनेकांच्या कृतीत एकाचा उत्तरकालीन हेतू सर्वांचा हेतू मानता येत नाही.

दुसरा आक्षेप कालाविषयी आहे. १९८६मध्ये मिश्रण करणाराचे कान १९८६चे असतात. त्या दशकातील रुचीस अंकीय प्रतिध्वनी, रुंद श्रवणावकाश आणि उजळ स्वर प्रिय होते. त्यांचा थोडाबहुत अंश नव्या मिश्रणात येणे अपरिहार्य होते. तो अंश रसिकास रुचेल वा न रुचेल. इतिहासकाराच्या दृष्टीने मात्र तो १९६५चा पुरावा ठरत नाही. एखाद्या विद्यार्थ्याने १९८७च्या डिस्कवरून 'नोव्हेअर मॅन'मधील स्वरांची स्थाने मोजली आणि ती १९६५च्या ध्वनिमुद्रणकलेची वैशिष्ट्ये म्हणून मांडली, तर त्याचे मोजमाप बिनचूक असूनही त्याचा निष्कर्ष चुकीचा ठरेल.

तिसरा आक्षेप ग्रहणाविषयी आहे, आणि तो सर्वांत गंभीर होय. जेरोम मॅकगॅन यांनी १९८३मध्ये असे प्रतिपादन केले की, साहित्यकृतीचा पाठ हा एकट्या लेखकाच्या मनात नसून तो प्रकाशक, मुद्रक व वाचक यांच्या व्यवहारात घडतो. हे मत स्वीकारले, तर १९६५मध्ये लोकांनी जी ध्वनिमुद्रिका विकत घेतली, ऐकली, आणि जिचा परिणाम त्या काळातील इतर संगीतकारांवर झाला, तीच ऐतिहासिक कृती होय, मग ती निर्मात्यास कितीही सदोष वाटो. अमेरिकेतील बारा गीतांची आवृत्तीसुद्धा या न्यायाने 'भ्रष्ट पाठ' ठरत नाही. तेथील संगीतावरचा प्रभाव समजून घ्यावयाचा, तर तीच आवृत्ती प्रमाण धरावी लागेल.

यात मार्टिन यांचा दोष शोधण्याचे कारण नाही. संपादकाने नवा पाठ सिद्ध करावा, हा त्याचा अधिकारच आहे. अडचण उत्पन्न झाली ती अशी की, नव्या पाठाबरोबर जुना पाठ उपलब्ध ठेवला गेला नाही. कॉम्पॅक्ट डिस्कची क्षमता सुमारे ७४ मिनिटांची. 'रबर सोल'चा विस्तार सुमारे ३५ मिनिटांचा. एकाच तबकडीवर दोन पाठ शेजारी ठेवता आले असते. तसे झाले नाही, आणि जुन्या तबकड्या बाजारातून मागे पडत गेल्या, तसतसा नवा मिश्रपाठ हाच 'रबर सोल' होऊन बसला.

७. २००९ आणि त्यानंतर

अमेरिकन आवृत्ती २००६मध्ये कॅपिटल कंपनीच्या संग्रहातून डिस्कवर आली, आणि तिच्याबरोबर १९६५च्या मिश्रणांचा काही भाग पुन्हा ऐकू येऊ लागला. इंग्लंडमधील आवृत्तीचे मूळ पाठ मात्र ९ सप्टेंबर २००९ रोजी, म्हणजे बावीस वर्षांनी, उपलब्ध झाले. त्या दिवशी प्रसिद्ध झालेल्या मोनो संग्रहात 'रबर सोल'च्या एकाच तबकडीवर १९६५चे मोनो मिश्रण आणि त्यापाठोपाठ १९६५चे स्टिरिओ मिश्रण देण्यात आले. त्याच दिवशी निघालेल्या स्टिरिओ मालिकेत मात्र मार्टिन यांचे १९८६चे मिश्रण कायम ठेवून केवळ त्याचे नवे संस्करण केले होते. म्हणजे २००९मध्ये तिन्ही पाठ एकाच वेळी अभ्यासकाच्या हाती आले. २०१४मध्ये मोनो ध्वनिमुद्रिका मूळ फितींवरून, मध्ये अंकीय टप्पा न आणता, पुन्हा कोरण्यात आल्या.

२०२३मध्ये प्रश्नास नवे वळण लागले. त्या वर्षीच्या नोव्हेंबरमध्ये '१९६२–१९६६' या निवडक संग्रहाची विस्तारित आवृत्ती निघाली, आणि तिच्यासाठी 'रबर सोल'मधील काही गीतांचे नवे मिश्रण जॉर्ज मार्टिन यांचे पुत्र जाइल्स मार्टिन यांनी केले. एका मार्गावर एकत्र मुद्रित झालेले ध्वनी संगणकाच्या साहाय्याने विलग करण्याचे तंत्र त्यात वापरले आहे. ते तंत्र पीटर जॅक्सन यांच्या २०२१मधील चित्रपटमालिकेच्या निमित्ताने विकसित झाले होते. १९६५मध्ये ढोल आणि बास गिटार एका मार्गावर एकत्र आले, म्हणजे त्यांचे प्रमाण कायमचे ठरले, हे वर सांगितलेच आहे. आता तेही प्रमाण बदलता येते. १९८६च्या संपादकास निदान चार मार्गांची मर्यादा होती. २०२३च्या संपादकास ती राहिली नाही. खर्ड्यातील शब्दच नव्हे, तर प्रत्येक अक्षर सुटे करून पुन्हा मांडण्यासारखे हे आहे.

८. निष्कर्ष

वरील विवेचनावरून पुढील गोष्टी स्पष्ट होतात. अंकीय पुनःप्रकाशन ही केवळ माध्यमांतराची क्रिया नसून ती संपादनाची क्रिया असते. स्रोत-फितीची निवड, मिश्रण आणि संस्करण या तीनही टप्प्यांवर पाठभेद उत्पन्न होऊ शकतात. माध्यमाची अचूकता आणि पाठाची प्रामाणिकता या भिन्न गोष्टी आहेत. १९८७ची डिस्क माध्यम म्हणून १९६५च्या तबकडीहून निःसंशय अचूक होती, पण १९६५चा साक्षीदार म्हणून ती दुय्यम होती.

म्हणून ध्वनिमुद्रिकेस पुरावा मानून लिहिणाऱ्या अभ्यासकाने केवळ कृतीचे नाव व मूळ वर्ष देऊन थांबणे पुरेसे नाही. ज्या आवृत्तीवरून श्रवण केले तिचे वर्ष व देश, मिश्रण मोनो की स्टिरिओ, ते मिश्रण कोणत्या साली झाले, आणि ते कोणत्या माध्यमावरून ऐकले, या चार गोष्टी नोंदविल्या पाहिजेत. संगीतरचना, काव्य वा चाल यांच्याविषयीचे विधान कोणत्याही पाठावरून करता येईल. ध्वनीची स्थाने, प्रतिध्वनी, तोल आणि घनता यांच्याविषयीचे विधान मात्र विशिष्ट पाठाशीच बांधलेले असते. आज संगणकाच्या जाळ्यावरून गीत ऐकताना एका नावाखाली कोणता पाठ वाजतो आहे, हे श्रोत्यास बहुधा दिसत नाही, आणि प्रकाशकाने तो बदलला तरी कळत नाही. अशा काळात जुन्या आवृत्त्यांच्या प्रत्यक्ष तबकड्या व डिस्क जतन करणे हे ग्रंथालयांचे काम ठरते, आणि त्यांत १९८७ची आवृत्तीही आलीच. तीवर एका पिढीचे श्रवण आणि बरेचसे समीक्षालेखन उभे आहे. त्या लेखनाची चिकित्सा करावयाची, तर तिचा पाठही हाताशी असला पाहिजे.